कचरा कुणाचा, वीट कुणाची

कर्जतच्या घाटात कॅमेरा फार लवकर आला. बोरघाटातल्या रेल्वेचं काम चालू असतानाच, म्हणजे १८६३ मध्ये पळसदरी ते खंडाळा गाडी सुरू होण्याच्याही आधी. ठेकेदार सॉलोमन ट्रेडवेल १८५९ मध्ये इथे आला आणि थोड्याच दिवसांत वारला. त्याच्या बायकोने, अ‍ॅलिस ट्रेडवेलने, ठेका सोडला नाही. तिने काम पुढे रेटलं आणि त्या कामाची छायाचित्रंही काढली. हजारो मजूर त्या घाटात खपत होते, पटकीने आणि अपघातांनी मरत होते. पण त्या काळच्या असल्या छायाचित्रांत मजूर उभा केला जाई तो बहुधा पुलाची उंची नजरेला कळावी म्हणून. त्याचं नाव काय, गाव कुठलं, हे विचारायची रीतच नव्हती.

त्याच सुमाराला मुंबईत विल्यम जॉन्सन नावाचा छायाचित्रकार इथल्या जातीजमातींची चित्रं जमवत होता. १८६३ आणि १८६६ मध्ये त्याचे दोन खंड निघाले. माणसांचा फोटो एकीकडे काढायचा, मग त्यांच्या आकृत्या कापून दुसऱ्याच देखाव्यावर चिकटवायच्या, अशी त्यातल्या अनेक चित्रांची घडण होती. पुढे १८६८ ते १८७५ या काळात ‘द पीपल ऑफ इंडिया’ हे आठ खंड सरकारने काढले. तिथेही माणूस आला तो आपल्या जमातीचा नमुना म्हणून. छायाचित्रणाच्या पहिल्या पंचवीस-तीस वर्षांत आपल्याकडच्या गरिबाच्या वाट्याला आलं ते एवढंच: पुलाशेजारची मोजपट्टी व्हायचं, नाहीतर जातीचा नमुना.

हे आज सांगायचं कारण असं की आता कॅमेरा प्रत्येकाच्या हातात आहे. कर्जत स्टेशनला घाट चढायचं बँकर इंजिन लागेपर्यंत गाडी थांबते, तेवढ्यात खिडकीतून वडेवाल्याचा व्हिडिओ काढला जातो. पावसाळ्यात धबधब्यांवर फोन वर धरलेले हात दिसतात. फार्महाऊसवरच्या लग्नांना ड्रोन येतात. चौक-कर्जत रस्त्यावर नितीन चंद्रकांत देसाई यांनी उभारलेल्या स्टुडिओत मोगल दरबारापासून मराठी गडांपर्यंत सगळं उभं राहिलं आणि देशभर पाहिलं गेलं. चित्रणाची या भागाला सवय आहे. भिसेगाव-दहिवलीतल्या आणि वरच्या वाड्यांमधल्या ज्या मुलामुलींनी फोनवर माणसांचं चित्रण सुरू केलं आहे, त्यांच्यासाठी ही पुस्तिका तयार केली. तिचा विषय आहे सुधारक ओलवे यांचं काम. मुंबईतल्या सफाई कामगारांची छायाचित्रं काढणारा हा माणूस कर्जतच्या मुलांनी का अभ्यासायचा, याचं उत्तर देण्यासाठी ही प्रस्तावना थोडी लांबणार आहे.

ओलवे १९६६ साली अकोल्यात जन्मले. १९८८ पासून ते मुंबईत वृत्तपत्र छायाचित्रकार म्हणून काम करू लागले. बातमीच्या छायाचित्रकाराचं आयुष्य धावपळीचं. सकाळी मंत्रालय, दुपारी अपघात, संध्याकाळी क्रिकेट. कुठे थांबायला वेळ नसतो. त्या धावपळीतून ते सफाई कामगारांकडे वळले आणि तिथे मात्र थांबले. मुंबई महानगरपालिकेत तेव्हा सुमारे ३०,००० सफाई कामगार होते आणि जवळजवळ सगळे दलित. झाडू मारणारे, कचऱ्याच्या गाडीवर चढून माल भरणारे, गटारात उतरणारे. ओलवे त्यांच्याबरोबर हजेरीच्या चौकीवर गेले, गाडीवर गेले, त्यांच्या घरी गेले. वर्षानुवर्षं जात राहिले. त्यातून ‘इन सर्च ऑफ डिग्निटी अँड जस्टिस’ ही कृष्णधवल छायाचित्रमालिका आणि त्याच नावाचं पुस्तक उभं राहिलं. २००५ मध्ये नॅशनल जिओग्राफिकच्या ‘ऑल रोड्स’ छायाचित्र स्पर्धेत त्यांची निवड झाली, चित्रं परदेशात गेली. २०१६ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

पुरस्कारांपाशी मी रेंगाळत नाही. एका चित्रापाशी रेंगाळतो. रस्त्याच्या मधोमध उघडं मॅनहोल. आत कमरेच्याही वरपर्यंत बुडालेला माणूस. अंगावर गणवेश नाही, हातमोजे नाहीत, तोंडावर काही नाही. डोक्यापासून खांद्यांपर्यंत काळा, तकतकीत चिखल, आणि त्या काळ्यात डोळ्यांचा पांढरा भाग तेवढा उजळ. पहिल्यांदा हे चित्र पाहणारा माणूस नाक मुरडतो किंवा हळहळतो. दोन्ही प्रतिक्रिया एकाच जागेवरून येतात: हे कुठेतरी दूर, दुसऱ्या कुणाच्या तरी बाबतीत घडतं आहे, या समजुतीतून. पण त्या मॅनहोलमध्ये जे साचलं आहे ते आलं कुठून? चित्र बघणाऱ्याच्या मोरीतून आणि संडासातून. म्हणजे चौकटीत कामगार एकटा नाही. बघणाराही आहे, आपल्या मैल्याच्या रूपाने. ओलवे यांच्या कामाचं मोठेपण मला इथे दिसतं. ते आपल्याला कीव करायला मोकळं सोडत नाहीत. कचऱ्याच्या ढिगावर उभ्या असलेल्या माणसाचं चित्र ते असं काढतात की ढीग कुणाचा, हा प्रश्न टाळता येत नाही.

वंचित माणसाचं चित्रण करताना पाळायची मुख्य गोष्ट मी हीच मानतो. त्याचं दुःख दाखवलंत, त्याचा चेहरा दाखवलात, पण त्याच्या दुःखातला बघणाऱ्याचा हिस्सा दाखवला नाहीत, तर चित्र अर्धंच राहिलं.

ओलवे फक्त गटारापाशी थांबले असते तरी काम मोठं ठरलं असतं, पण एकांगी झालं असतं. त्यांच्या मालिकेत घरं आहेत. एका खोलीत मावणारं कुटुंब आहे. दारू आहे. ती कशामुळे आहे हेही आहे: शुद्धीवर राहून त्या वासात उतरणं अनेकांना शक्य होत नाही. लाड-पागे समितीच्या शिफारशींमुळे सफाई कामगाराच्या जागी त्याच्या वारसाला काम मिळतं. घराला आधार मिळतो हे खरंच. पण झाडूही वारशाने पुढे जातो. नवरा गेला की बायको हजेरीच्या चौकीवर उभी राहते, पुढे मुलगा. एका चित्रात हे सांगता येत नाही. त्यासाठी त्याच घरात पुन्हा पुन्हा जावं लागतं, घरच्या माणसांना तुमच्या कॅमेऱ्याचा विसर पडावा लागतो. मराठी वाचकाला ही रीत अनिल अवचटांमुळे ठाऊक आहे. ‘माणसं’मध्ये त्यांनी हमालांपाशी, मजुरांपाशी बसून, मजुरीचे दर विचारून, ओझं किती किलोचं हे टिपून लिहिलं. ओलवे यांचा कॅमेरा त्याच जातकुळीचा आहे.

चित्रं कृष्णधवल का, हेही बघण्यासारखं आहे. कचऱ्याच्या ढिगाचा रंगीत फोटो काढून बघा. निळ्या, गुलाबी, पिवळ्या पिशव्या सगळी नजर खेचून घेतात आणि माणूस मागे पडतो. रंग काढून घेतला की उरतात त्वचा, चिखल आणि नजर. यात एक धोका मात्र आहे. काळ्या-पांढऱ्यात दैन्य देखणं दिसू लागतं. ब्राझीलचे सेबास्तियाओ साल्गादो, ज्यांनी धनबादच्या कोळसा खाणीतल्या मजुरांचीही चित्रं काढली, त्यांच्यावर हा आक्षेप आयुष्यभर घेतला गेला. मला स्वतःला चित्र सुंदर असण्यात गैर वाटत नाही. ज्याला आयुष्यभर कुणी नीट पाहिलं नाही त्याचं चित्र मन लावून, उत्तम उजेडात काढणं हे त्याचा मान राखणंच आहे. सौंदर्यात माणसाचं नाव, काम आणि मजुरी बुडून गेली तर मात्र तो अन्याय झाला.

नावाचा मुद्दा तर जरा सविस्तरच बोलायला हवा. अमेरिकेत १९०८ पासून लुईस हाईन यांनी कापड गिरण्यांत, खाणींत राबणाऱ्या लहान मुलांची छायाचित्रं काढली. मालक आत सोडत नसत, म्हणून ते कधी विमा एजंट बनून जात, कधी बायबल विकणारे बनून. मुलाची उंची ते आपल्या कोटाच्या बटणांवरून ताडत: कुठल्या बटणापर्यंत डोकं येतं ते पाहायचं आणि खिशातल्या खिशात, न बघता, कागदावर लिहून ठेवायचं. नाव, वय, कामाचे तास, मजुरी. बालमजुरीविरुद्धच्या लढ्यात ती चित्रं उपयोगी पडली त्यात या नोंदींचा वाटा मोठा होता. उलट उदाहरण डोरोथिया लँग यांच्या १९३६ मधल्या ‘मायग्रंट मदर’चं. जगातल्या सर्वाधिक छापल्या गेलेल्या चित्रांपैकी ते एक. लँग यांनी त्या बाईचं नाव विचारलं नव्हतं. फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्प्सन हे तिचं नाव जगाला कळलं ते १९७८ मध्ये, आणि तेव्हा तिने सांगितलं की हे चित्र काढलं गेलं नसतं तर बरं झालं असतं, त्यातून तिला एक छदामही मिळाला नाही. चित्र अजरामर झालं आणि बाई चाळीस वर्षं निनावी राहिली.

म्हणून नाव विचारा, पण विचारलेलं प्रत्येक नाव छापायचंच असतं असं नाही. ओलवे यांनी कामाठीपुऱ्यातही दीर्घकाळ काम केलं आहे. तिथल्या बाईचं नाव-गाव छापलं तर तिच्या गावाकडच्या मुलीचं लग्न मोडू शकतं. लैंगिक अत्याचार सोसलेल्या मुलीची ओळख उघड करणं तर कायद्यानेच गुन्हा आहे. एरवी नाव छापायचं की झाकायचं, हे चित्रातल्या माणसाने ठरवायचं. तुम्ही नव्हे, संपादकाने तर नव्हेच.

आता व्हिडिओबद्दल. आनंद पटवर्धन यांनी १९८५ मध्ये ‘हमारा शहर’ हा मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरचा माहितीपट केला. घरं पाडली जात आहेत, माणसं उघड्यावर आली आहेत, आणि एक बाई कॅमेऱ्याकडे वळून चित्रण करणाऱ्यांनाच झापते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्या हाती काय पडणार, असा तिचा रोख आहे. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. आपल्याविरुद्धची साक्ष चित्रपटातच ठेवली. माणसांचं चित्रण करू पाहणाऱ्या प्रत्येकाने तो प्रसंग पाहावा, असं मला कळकळीने वाटतं, कारण हा प्रश्न तुम्हालाही विचारला जाणार आहे आणि त्यावर हजरजबाबी उत्तर नाही. उत्तर द्यायचं ते पुढच्या वर्तनातून.

त्यांचाच ‘जय भीम कॉम्रेड’ चौदा वर्षं चित्रित होत राहिला आणि २०११ मध्ये आला. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला, दहाजण गेले. त्या दुःखात शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला. पोलिसांचं म्हणणं होतं की जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता. त्यासाठी चित्रफीतही दाखवली गेली. माहितीपट ती चित्रफीत घेऊन बसतो आणि प्रश्न विचारतो: टँकर कुठे, जमाव कुठे, गोळ्या लागल्या ती माणसं कुठे? गोळीबाराचा आदेश देणाऱ्या फौजदाराला २००९ मध्ये सत्र न्यायालयाने जन्मठेप सुनावली आणि पुढे त्याला जामीन मिळाला. व्हिडिओत वेळ आणि अंतर नोंदलं जातं. फोनवर चित्रण करणाऱ्याने ही ताकद ओळखावी. आणि एक ध्यानात ठेवावं: तुम्ही सुरुवातीचे आणि शेवटचे काही सेकंद कापून टाकता, तेव्हा पुरावाच कापत असता.

आता आपल्या तालुक्यांकडे येऊ.

दिवाळी उरकली की कर्जत-खालापूरच्या कातकरवाड्या रिकाम्या होऊ लागतात. पावसाळ्यात चूल बंद पडायची वेळ आली तेव्हा मालकाकडून उचल घेतलेली असते. ती फेडायला कुटुंबं वीटभट्टीवर जातात. हिशेब जोडीवर, म्हणजे नवरा-बायकोवर, आणि हजार विटांवर. माती भिजवायची, चिखल तुडवायचा, साच्यात भरून वीट थापायची, सुकायला लागली की उलटवायची. उलटवायचं काम हलकं म्हणून ते पोरांकडे येतं, आणि शाळा सुटते. पाऊस आला की भट्टी बंद. हिशेब होतो, उचल अनेकदा फिटत नाही, उरलेली पुढच्या साली वळती होते.

याचं छायाचित्र कसं काढाल? धुरकट उजेडातली भट्टी, डोक्यावर विटा घेतलेली बाई, मातीत खेळणारं नागडं मूल. ही चित्रं हमखास निघतात आणि हमखास वाहवा मिळवतात. मी म्हणेन, त्या बाईचा तळहात जवळून घ्या. वाळूमिश्रित मातीने बोटांची टोकं झिजून गुळगुळीत झालेली असतात. अशा बोटांचा ठसा यंत्रावर नीट उमटत नाही आणि रेशनच्या दुकानात खोळंबा होतो. मग त्या विटांच्या ट्रकमागे जा. कर्जत, नेरळ, बदलापूर, पनवेल इथे नव्या इमारती उठत आहेत. आपल्यापैकी अनेकांच्या घराच्या भिंतीत त्या विटा आहेत. तळहात आणि इमारत ही दोन चित्रं शेजारी आली की सफाई कामगाराच्या चित्रात जे घडतं तेच इथे घडेल: बघणारा चौकटीत येईल.

उचल मात्र फोटोत दिसत नाही. कर्ज दिसत नाही, सातबारा दिसत नाही. कातकरी ही महाराष्ट्रातल्या तीन विशेष दुर्बल आदिवासी गटांपैकी एक, कोलाम आणि माडिया गोंड यांच्या सोबतची. त्यांच्या कित्येक वाड्या पिढ्यान्‌पिढ्या खासगी जमिनींवर उभ्या आहेत, म्हणजे घर त्यांचं आणि घराखालची जमीन दुसऱ्याची. जमिनींचे भाव वाढले तसा वाड्या उठवण्याचा दाब वाढला. कर्जत तालुक्यातल्या कशेळ्याच्या अ‍ॅकॅडमी ऑफ डेव्हलपमेंट सायन्सने वाड्यावाड्यांत जाऊन यावर काम केलं आणि डॅनियल बकल्स व राजीव खेडकर यांचं ‘फायटिंग इव्हिक्शन’ हे पुस्तक त्यातून आलं. झोपडीचं चित्र काढताना जमिनीची ही गोष्ट चित्रात कशी आणायची? इथे व्हिडिओ लागतो, आवाज लागतो, खालची ओळ लागते. म्हातारीने आपल्या तोंडाने सांगितलेलं, की तिच्या सासूची सासूही इथेच नांदली. छायाचित्राची ताकद जिथे संपते तिथे हट्ट करू नये, दुसरं साधन घ्यावं.

आणि इर्शाळवाडी. १९ जुलै २०२३ च्या रात्री इर्शाळगडाच्या पायथ्याची ठाकरांची वाडी दरडीखाली गेली. २७ मृतदेह सापडले, ५७ माणसं बेपत्ता राहिली. दुसऱ्या दिवसापासून चौक परिसरात जेवढे कॅमेरे आले तेवढे या भागाने कधी पाहिले नव्हते. वर रस्ता नव्हता, यंत्रं चढली नाहीत, भर पावसात माती हातांनी उपसावी लागली, हे साऱ्या देशाने पाहिलं. पण गड चढणारे हौशी लोक कित्येक वर्षं त्या वाडीवरूनच जात-येत होते. गडाचे फोटो असंख्य होते. रस्ता नसणं तेव्हाही तिथेच होतं, दिवसाढवळ्या, कुणालाही टिपता येईल असं. आजारी माणसाला झोळीत घालून खाली आणणं ही अशा वाड्यांवर नेहमीची गोष्ट. तिचं चित्र दुर्घटनेआधी काढणं हे खरं काम होतं आणि आजही दुसऱ्या अनेक वाड्यांसाठी ते बाकी आहे.

छायाचित्राने परिस्थिती बदलते असा भाबडा विश्वास मात्र मी देणार नाही. मुंबईतल्या सुमारे २,७०० कंत्राटी सफाई कामगारांना कायम करण्याचा आदेश २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उचलून धरला, तो मिळवला कचरा वाहतूक श्रमिक संघाने, वर्षानुवर्षांच्या कोर्टकचेरीतून. चित्राचं काम त्याच्या शेजारी उभं राहण्याचं आहे. ओलवे यांनी फोटोग्राफी प्रमोशन ट्रस्टमार्फत तरुणांच्या हाती कॅमेरा दिला, त्यामागेही मला हीच समज दिसते. कातकरवाडीतली मुलगी भट्टीचं चित्रण करील तेव्हा तिला उचल म्हणजे काय हे समजावून सांगावं लागणार नाही.

पुढच्या पानांवर ओलवे यांच्या मालिकेची ओळख आहे, हाईन आणि पटवर्धन यांच्यावर टिपणं आहेत, आणि शेवटी कामाची काही पानं कोरी ठेवली आहेत: नाव, वाडी, काम, मजुरी, उचल, संमती दिली का, कशाला दिली नाही, हे तिथे लिहायचं आहे. कॅमेरा काढण्याआधी हे पान भरायला घ्या. काढलेल्या चित्राची छापील प्रत ज्याचं चित्र आहे त्याला नेऊन द्या. फोनवर दाखवून भागवू नका. पी. साईनाथ यांनी कष्टकरी बायांवरचं आपलं छायाचित्र प्रदर्शन कारखान्यांच्या फाटकांवर आणि बस स्थानकांवर नेलं होतं. आपणही भिसेगावात किंवा स्टेशनजवळ चित्रं लावण्याआधी ती वाडीवर, दोरीला अडकवून, दिवसभर लावू. जे चित्र नको असं तिथली माणसं म्हणतील ते तिथेच उतरवू आणि उरलेली खाली आणू.